दूध: पांढरं

ओळखायची सोपी खूण एकच: दुखवून बघा.
सुरीच्या टोकानं टोपीखालच्या पाळ्यांवर
एक बारीक रेघ ओढा, आणि थांबा.
रीसिकास असेल तर दूध येईल.

बाकी सगळं फसवं, लेम्बे म्हणते.
मध्ये खोलगट टोपी, बशीसारखी,
तिच्यावर वर्तुळात वर्तुळं, खडा बुडाल्यावर पाणी विसरलेलं,
देठ खडूसारखा, कट्कन मोडणारा.
हे सगळं शेजारच्या घरातही सापडतं.
शेजारी दूध नाही, एवढंच.

आणि दुधाचे तरी किती नखरे!
कुणाचं पांढरं ते पांढरंच राहतं,
कुणाचं वारा लागला की जांभळं,
पाइनखालच्याचं गाजराच्या रसासारखं,
मग दुसऱ्या दिवशी टोपलीत हिरवे डाग,
पितळेत कळकलेल्या ताकाचे असतात तसे.
कुणाचं जिभेवर आधी नुसतंच ओलं
आणि विसाव्या आकड्याला मिरची.

तार्तूच्या ह्या तळघरात मात्र
पाचशे चाळीस पाकिटं, आणि दूध एकातही नाही.
सुकल्यावर सगळ्यांचा रंग एक, जुन्या चपलेचा.
फक्त खालचा खण ओढला की मेथी दरवळते:
दलदलीतली ही, मेल्यावर जास्त बोलकी.
लेम्बेला मेथी ठाऊक नाही.
ती म्हणते, सूपची वडी.

म्हणून मग कागद वाचायचा.
साल्मे क्योइव्ह, शाळामास्तरीण, व्होरू परगणा,
एकसष्ट ते अठ्ठ्याऐंशी.
गणिताच्या वह्यांची पानं दुमडून केलेली पाकिटं,
आतल्या बाजूला पोरांची गणितं,
बाहेर तिरप्या अक्षरात:
दूध: पांढरं. बदलत नाही.
चव: अठरापर्यंत मोजलं, मग जाळ.
बर्चखाली. जवळ कुणाची तरी गाय बांधलेली.

सत्तावीस पावसाळी शरद
ही बाई गुडघ्यावर बसून
चाखत, थुंकत, आकडे मोजत गेली.
गाय का लिहिली असेल, कुणी विचारलं नाही.

पुढं यंत्रं आली, रक्ताची नाती वाचणारी,
आणि वाटणी झाली.
मिऱ्यासारखी तिखट ती, मखमली अंगाची ती,
आणि जिला खारवलेल्या हेरिंगचा वास येतो ती,
ह्या म्हणे आपल्यातल्या नव्हेतच.
खरं तर कुळाचं नाव त्या तिखटीवरूनच चालत आलेलं.
पण जाणत्यांनी मतं घेतली
आणि नाव ठेवलं बर्चखालच्या केसाळ बहिणीकडे,
निम्म्या जगाची पुस्तकं बदलायला नकोत म्हणून.
घर सोडणाऱ्यांना नवं नाव मिळालं,
जुन्यासारखंच, दुधाचंच.

लेम्बे नव्या चिठ्ठ्या चिकटवते. जुन्या काढायच्या नाहीत, असा नियम आहे.
एका टोपीवर चार-चार नावं, थरावर थर,
सगळ्यात खाली साल्मेचं, पेन्सिलीतलं.

घरी तिची आत्या, उर्वे, सगळ्या एकाच पातेल्यात उकळते,
तीनदा पाणी ओतून टाकते, मीठ, शेपू, वर दगड.
वाटणीचं सांगितलं तर म्हणाली,
उकळलं की सगळ्या रीसिकासच, कांदा चिर.

चारशे बारावं पाकीट उरलं आहे.
नमुना यंत्रात दोनदा घातला, दोन्ही वेळा कोरा.
बाहेर लिहिलंय:
दूध: नाही. सहा आठवडे पाऊस नाही.
की मीच उशिरा आले.

लेम्बेकडे ह्याच्यासाठी चिठ्ठी नाही.
ती पाकीट उलगडते. आत, टोपीच्या भुग्याखाली,
त्रेपन्न वजा एकोणीस, उत्तर चव्वेचाळीस.
पोर हातचा विसरलंय.
लाल शाईची फुली नाही, काहीच नाही.
ती पेन्सिल उचलते,
मग घड्या होत्या तशाच घालते.